नुकसानीचा प्रकार : एक डोके

कोणतीही कलाकृती इतिहासाशिवाय उभी राहू शकत नाही. भिंत असते, खिळा असतो, मजबूत दोरी असते. तरीही इतिहास नसेल तर ते नुसते लटकलेले चित्र होय, आणि नुसती लटकलेली चित्रे केस कापायच्या दुकानातही असतात. जाणकारांना हे पूर्वीच कळले आहे. म्हणून प्रदर्शनात आधी चित्राशेजारची पाटी वाचायची, नंतर चित्र पाहायचे, आणि घाई असेल तर यातली दुसरी गोष्ट सोडून द्यायची, अशी चांगली शिस्त आता समाजात रुजली आहे.

लोअर परळच्या एका जुन्या गिरणीच्या आवारात 'उत्खनन' नावाचे कलादालन आहे. तिथे पूर्वी कापड निघे, हल्ली इतिहास निघतो. इतिहासाशिवाय आलेले चित्र दालन दारातूनच परत पाठवते. त्यासाठी छापील अर्ज आहे. त्यात कलाकृतीचे माप, माध्यम, साल यानंतर चौथा रकाना 'वेदना (असल्यास)' असा होता. गेल्या वर्षीच्या बैठकीत बरीच चर्चा होऊन त्यातले 'असल्यास' काढून टाकण्यात आले.

हे धोरण योग्यच आहे, हे आकड्यांनीही सिद्ध झाले. दालनाने मध्यंतरी प्रेक्षकांची मोजणी केली. एकूण ४१२ प्रेक्षकांपैकी ३९६ जणांनी पाटीचा फोटो काढला, अकरा जणांनी स्वतःचा काढला, चौघांनी स्वच्छतागृह कुठे आहे ते विचारले. एक इसम मात्र बराच वेळ चित्राकडे पाहत उभा होता. चौकशी करता तो एसी दुरुस्त करायला आलेला निघाला.

अशा या दालनात दौलत तळवडेकर कलावंत म्हणून कसा शिरला, याची ही हकिकत आहे. शिरण्याचा त्याचा इरादा नव्हता, हे सुरुवातीलाच सांगितलेले बरे.

दौलतचे डिलाईल रोडवर 'सातेरी आर्ट्स' नावाचे दुकान. वय चौऱ्याहत्तर, त्यातली बावन्न वर्षे हातात ब्रश. दुकानांच्या पाट्या, मंडळांचे कापडी फलक, टेम्पोच्या मागचा 'आईचा आशीर्वाद', असे सगळे काम तो करी. पण घर चालले ते डोक्यांवर. कोणाचा बाप, कोणाचा नवरा गेला, की भिंतीवर लावायचे त्याचे तैलचित्र दौलतकडून काढून घ्यायचे, अशी त्या भागातली रीत होती. या कामाला तो 'डोकी' म्हणे. "आज नाय जमायचं, एक डोकं आलंय," असे तो पाटीवाल्या गिऱ्हाइकाला सांगे आणि गिऱ्हाईकही समजून घेई.

डोक्यांच्या धंद्यात एक अडचण असते. माणूस सांगून मरत नाही, आणि तैलरंग सांगून वाळत नाही. घरच्यांना चित्र तेराव्याला हवे असते. तेरा दिवसांत कोट, कॉलर, टाय, मागची निळसर भिंत आणि वर डोके, एवढे सगळे रंगवून वाळवणे ब्रह्मदेवालाही जमले नसते (त्याला मुदत नसते). दौलतने यावर उपाय काढला. दिवाळीनंतर काम मंदावले की तो धडे रंगवून ठेवू लागला. खांदे, कोट, टाय तयार. गळ्याच्या वर नुसती फिकट मोकळी जागा. कोणी गेले, की नातेवाईक गिरणीच्या पासावरचा फोटो घेऊन येत. दौलत अंगलोट विचारून मापाचे धड काढी आणि त्यावर डोके बसवी. मापे तीन : किरकोळ, मध्यम, भरदार. ती मागच्या बाजूला पेन्सिलीने लिहिलेली असत.

कोटाचाही खुलासा केला पाहिजे. पासावरच्या फोटोत माणूस अर्ध्या बाह्यांच्या शर्टात, नाहीतर बनियनवर असे. घरचे म्हणत, जरा बऱ्या कपड्यांत दाखवा. आता दौलतने जवळून पाहिलेला कोट एकच, स्वतःच्या लग्नात भाड्याने आणलेला आणि तिसऱ्या दिवशी परत केलेला. त्याच्या दुसऱ्या बटणापाशी एक सुरकुती होती. ती सुरकुती लालबाग, परळ, भायखळ्यातल्या अंदाजे तीनशे भिंतींवर आजही आहे. जन्मात कधी कोट न घातलेल्या तीनशे माणसांनी मेल्यावर एकच कोट घातला, आणि एकाचीही तक्रार आली नाही.

पुढे कोपऱ्यावर डिजिटल फोटोवाला आला. तो दहा मिनिटांत कोट घालून देऊ लागला, वर चेहऱ्यावरचे डागही काढू लागला. लोक मरायचे थांबले नाहीत. दौलतकडे यायचे थांबले. दुकानाच्या माळ्यावर एकोणीस धडे तशीच उरली.

त्यातले एक मात्र उरलेले नव्हते, राखून ठेवलेले होते. दौलतचा जिवाभावाचा मित्र वसंत राऊळ. गिरणीत साच्यावर, म्हणजे मागावर होता, गिरणी बंद पडल्यावर एका सोसायटीत वॉचमन झाला. रोज चार वाजता तो दुकानात चहाला येई. एकदा त्याने माळ्यावर चढून सगळी धडे नीट पाहिली, एक ब्राऊन कोटवाले खाली काढले आणि बजावले, "दौलत, हो माझो. दुसऱ्या कुणाक घालू नको. आणि टाय जरा सैल कर रे, मेल्यावर तरी गळ्याक फास नको." दौलतने त्याला दोन शिव्या दिल्या, टाय सैल केला, आणि मागे पेन्सिलीने लिहिले : मध्यम. राखीव.

गेल्या वर्षी वसंत गेला. तेराव्याला चित्र हवे होते, पण दौलतचा हातच उचलेना. तीनशे डोकी बसवलेला माणूस कॅनव्हास समोर घेऊन बसे, रंग काढी, आणि चार वाजले की ब्रश धुऊन ठेवून देई. शेवटी तो वसंतच्या बायकोला, मीराबाईंना म्हणाला, "वयनी, वर्षश्राद्धाक देतलंय. तवसर जरा थांबा." मीराबाई थांबल्या. भिंतीवर त्यांनी खिळा मारून ठेवला आणि खिळ्याखालची जागा रोज पुसत राहिल्या.

मध्यंतरी दुकानाची इमारत पाडून टॉवर उभा करायचे ठरले. जुन्या पाट्या कुठे मिळतात का, हे शोधत 'उत्खनन'ची क्युरेटर नम्रता दुकानात आली. दादरची मुलगी, शिकलेली, वागायला गोड, आणि माळ्यावरच्या वस्तूंची मनापासून आवड असलेली. तिने एकोणीस धडे पाहिली आणि तोंडावर हात ठेवून उभी राहिली.

"काका, यांना डोकी का नाहीत?" तिने हळूच विचारले.

"माणसं आलीच नाहीत," दौलत म्हणाला.

नम्रताने हे वहीत लिहून घेतले. लिहिताना तिचे डोळे भरून आले होते. दौलतला वाटले, माळ्यावरची धूळ गेली असेल. त्याने तिला पाणी दिले.

तिला एकोणीसच्या एकोणीस हवी होती. दौलतने ब्राऊन कोट बाजूला काढला. "हे नको. ह्याला अजून डोकं बसवायचं आहे." नम्रताने तेही लिहून घेतले. मग म्हणाली, मालिका तोडता येत नाही काका, पण हे आम्ही फक्त दाखवायला नेतो, प्रदर्शन संपलं की तुमचं तुम्हाला परत. वर्षश्राद्धाच्या दहा दिवस आधी प्रदर्शन संपणार होते. दौलतने विचार केला, दहा दिवस पुष्कळ झाले. पुढे संमतिपत्र आले, चौदा पानी, इंग्रजीत. त्यात काय आहे ते दौलतला कळले नाही. पण सही त्याने अशी झोकात केली, खाली सावली वगैरे देऊन, की दालनाच्या मालकांनी ती स्वतंत्रपणे फ्रेम करायला सांगितली.

प्रदर्शनाचे नाव 'अनुपस्थित'. दारापाशी माणसाच्या उंचीची पाटी होती. तिच्यावर लिहिले होते : 'येथे श्रमिकाला कोट आहे, चेहरा नाही. व्यवस्थेने देह वापरला आणि ओळख खोडली. कलावंत अर्धशतकभर एका अंधाऱ्या माळ्यावर मूकपणे हा निषेध रंगवत राहिला.' दौलतने हे दोनदा वाचले आणि हा कलावंत कोण, कुठल्या माळ्यावर असतो, असे आपुलकीने विचारले.

धडांच्या मागची पेन्सिलही वाया गेली नाही. 'किरकोळ', 'मध्यम', 'भरदार' ही चित्रांची शीर्षके ठरली. एका समीक्षकाने लिहिले की माणसाला अशा तीन वर्गांत तोलणाऱ्या भांडवलशाहीवर इतक्या थंड डोक्याने केलेला हल्ला आपण पाहिलेला नाही. सतराव्या क्रमांकाचे शीर्षक 'राखीव'. त्याच्यावर तर एका परिसंवादात पाऊण तास बोलणे झाले, त्यात दोन वक्त्यांचे एकमेकांशी वाजले. सगळ्या कोटांवरची ती सुरकुती 'सामूहिक जखम' म्हणून मान्य झाली.

रविवारी दौलतला दालनात स्टुलावर बसवत. शेजारी 'कलावंत उपस्थित' अशी छोटी पाटी. नम्रताने त्याला प्रेमाने समजावले होते, की काका, फार बोलू नका, तुम्ही बोललात की इतिहास जरा बदलतो. दौलत मुळात कमी बोलणारा. पण एका रविवारी कॉलेजच्या मुलांनी घेरून विचारले, "सर, तुम्ही डोकं का नाकारलंत?"

"नाकारतोय कशाला?" दौलत म्हणाला. "पण कोण मेल्याशिवाय डोकं लावणार कसं?"

एक मुलगी भिंतीला टेकून खाली बसली. पुढच्या रविवारपर्यंत हे वाक्य कापडी पिशव्यांवर छापून आले होते, आणि पिशव्या संपल्याही होत्या.

प्रदर्शन संपायची तारीख उलटली, चित्रे काही उतरली नाहीत, उलट पाट्यांवर लाल टिकल्या उमटल्या. दौलतने सुरक्षारक्षक शामरावला विचारले, हे काय? शामराव याच गिरणीत होता. त्याचा साचा जिथे होता तिथून आठ फुटांवर तो आता निळ्या शर्टात उभा असतो. (पूर्वी धावावे लागे, आता नुसते उभे राहावे लागते, याला प्रगती म्हणतात.)

"पेंटर, टिकली लागली म्हणजे गेलं," शामराव म्हणाला. "एकाच पार्टीने घेतलंय सगळं. टॉवरमध्ये लिफ्टसमोर लावणार म्हणे, एकोणीसच्या एकोणीस."

दौलत तडक नम्रताकडे गेला. ती खरोखरच ओशाळली. प्रदर्शन तीन आठवडे वाढले होते, मालिका विकली गेली होती, आणि चौदा पानांतल्या नवव्या पानावर 'अविभाज्य' असा शब्द होता.

"बाई, तसंच ठेवा हवं तर," दौलत म्हणाला. "मी इथं येऊन त्याचं डोकं तेवढं बसवतो. मग त्याच्या बायकोने एकदा घरी नेऊन पूजा केली की झालं. शनिवारी वर्षश्राद्ध आहे त्याचं."

"काका, डोकं लावलं तर कलाकृतीचं नुकसान होईल."

"कलाकृती कोणाची?"

"तुमचीच."

"मग?"

"म्हणून तर तुम्हाला हात लावता येत नाही. दुसऱ्या कोणी लावला तर ते नुकसान दुरुस्त होतं. कलावंतानेच लावला तर ती वेगळी कलाकृती होते, आणि वेगळी विकलेली नाही."

दालनाचे मालक हितेंद्रभाई यांनी जास्त मोकळेपणाने समजावले. ते म्हणाले, "दौलतभाई, डोकं नाही म्हणून तर लोक बघतात. डोकं असलेली माणसं बाहेर फुकट फिरतात, त्यांना कोण बघतो?" हे दौलतला पटले. पण वसंताला लोकांनी बघावे अशी कुठे त्याची मागणी होती? मीराबाईंनी बघावे, एवढेच होते.

त्याने दुसरे धड रंगवायला हवे होते, असे वाचक म्हणतील. दौलतच्याही मनात ते आले. ब्राऊन कोट, सैल टाय, सुरकुती, चार दिवसांचे काम. पण माणसाने जिवंतपणी स्वतः निवडलेला कोट एका बाजूला, आणि तो गेल्यावर रंगवलेला, सारखाच दिसणारा दुसरा कोट दुसऱ्या बाजूला. मित्राला डुप्लिकेट घालायचा, हे दौलतच्या गळी उतरेना. आयुष्यात पहिल्यांदाच त्याला दोन कोटांत फरक आहे असे वाटले.

गुरुवारी दुपारी बारा वाजता तो रंगांची पेटी घेऊन दालनात गेला. नम्रता आणि हितेंद्रभाई बंद खोलीत 'शून्याचे संवर्धन' या विषयावर बैठकीत होते. दौलतने सतराव्या क्रमांकासमोर स्टूल ठेवले, खिशातून गिरणीचा पास काढून फ्रेमच्या कडेला अडकवला आणि कामाला लागला. शामरावला नियम माहीत होता : चित्राला प्रेक्षकाने हात लावायचा नाही. कलावंताविषयी नियमात काहीच नव्हते. त्याने उलट दोरी लावून लोकांना दोन हात मागे उभे केले.

वर्षभर न उचललेला हात त्या दिवशी उचलला. पहिल्या अर्ध्या तासानंतर दौलतने पासाकडे पाहिलेही नाही. त्याचे ओठ हलत होते. शामराव सांगतो की तो वसंताला शिव्या घालत होता. प्रेक्षक जमले. आधी तिघे, मग तेवीस. हा कार्यक्रमाचाच भाग आहे असे सगळ्यांनी धरून चालले, एकाने तर तो सुरू कधी झाला आणि आपले काय हुकले ते विचारून घेतले. चारला पाच कमी असताना दौलतने ब्रश खाली ठेवला आणि टाळ्या वाजल्या. टाळ्यांनी बैठक मोडली.

नम्रता बाहेर आली, तिने सतरा क्रमांकावर एक माणूस पाहिला आणि ती स्टुलावर बसली. पुढे जे झाले ते मात्र अत्यंत पद्धतशीर झाले. असा प्रसंग आला की दालनात अहवाल लिहितात. तो असा होता :

कलाकृती क्रमांक : १७.
दालनात आली तेव्हाची स्थिती : उत्तम (डोके नाही).
आजची स्थिती : गंभीर.
नुकसानीचा प्रकार : एक डोके. पुरुष, वय अंदाजे साठ, चष्म्यासह.
नुकसान दुरुस्त होण्याजोगे आहे काय : होय, ओले असेपर्यंत.

शुक्रवारी सकाळी तज्ज्ञ बाई आल्या. त्यांच्यापाशी कापसाचे बोळे, बाटल्या आणि पांढरे हातमोजे होते. काम अर्ध्या तासाचे होते. कपाळापासून सुरू करायचे आणि हनुवटीपर्यंत यायचे. भुवया जरा जड जातील, असे त्या म्हणाल्या. खरेदीदाराला कळवण्यात आले, की किंचित डोके आले होते पण दुपारपर्यंत जाईल.

शामरावने हे ऐकले आणि ड्युटीवर असताना फोन वापरायचा नाही हा नियम नोकरीत पहिल्यांदा मोडला. पाऊण तासात दौलतसह मीराबाई आल्या. नऊवारी नेसलेल्या, हातात प्लॅस्टिकच्या पिशवीत झेंडूचा हार. तिकिटाच्या खिडकीवरच्या मुलीने विचारले, "आजी, कोणाला भेटायचंय?" त्या म्हणाल्या, "घोवाक." मुलीला नवऱ्यासाठीचा हा मालवणी शब्द कळला नाही, पण त्या ज्या तऱ्हेने आत गेल्या त्यावरून तिकीट विचारणे बरे दिसले नसते.

मीराबाईंनी हार चित्राला घातला. फ्रेमच्या कडेला अंगठ्याने गंध टेकवले. (उदबत्ती लावली नाही, छताला धूर ओळखणारे यंत्र आहे, असे शामरावने सांगितले आणि त्यांनी ऐकले.) मग चपला काढून त्या समोर जमिनीवर बसल्या. शामरावने आपले बूट काढले. चित्रे चढवणारी-उतरवणारी दोन माणसे होती, एक लालबागचा, एक काळाचौकीचा, त्यांनीही काढले. हितेंद्रभाईंनी त्यांना चित्र उतरवायला सांगितले तेव्हा दोघेही आपापल्या मोज्यांकडे बघत राहिले.

"साहेब, हार घातलेल्या माणसाचं तोंड नाय पुसायचं," लालबागचा म्हणाला. "आमच्यात नाय करत."

तज्ज्ञ बाईंनी हातमोजे घातले, बोळा भिजवला, आणि मग कायद्याचा मुद्दा काढला. त्या म्हणाल्या, मी नुकसान काढते, पण हे नुकसान कोणाचे तरी आहे असे दिसते. मला लेखी लागेल. म्हणून लगेच फॉर्म तयार झाला : 'कै. वसंत राऊळ यांचे डोके काढण्यास आमची हरकत नाही.' खाली सहीला जागा. ही सही कोणी करायची? नम्रता म्हणाली, मालकाने. हितेंद्रभाई म्हणाले, चित्र विकलेले आहे, खरेदीदाराने. खरेदीदार फोनवरून म्हणाला, आपण डोके विकत घेतलेलेच नाही, सहीचा प्रश्न येतो कुठे? दौलत कोपऱ्यात उभा होता, त्याच्याकडे कोणी पाहिलेही नाही. कलावंताची सही आधीच फ्रेम झालेली होती. अखेर सर्वांच्या मते जवळची नातेवाईक हीच योग्य ठरली आणि फॉर्म मीराबाईंपुढे धरण्यात आला.

मीराबाईंना वाचता येत होते. त्यांनी तो सावकाश वाचला.

"सही करीन गे बाय," त्या नम्रताला म्हणाल्या. "पण माका एक सांग. ह्यांका एकदा आम्ही पोचवलव. आता दुसऱ्यांदा पोचवूक कोण कोण येतला?"

नम्रताने फॉर्म परत घेतला, चार घड्या घातल्या आणि आपल्या पर्समध्ये ठेवला. तिच्या डोळ्यांत पुन्हा पाणी आले. या वेळी वही काढायची तिला आठवण झाली नाही.

अडचण सुटली ती कागदावरच. अहवालातले 'गंभीर' खोडून 'दुरुस्तीपलीकडे' असे लिहिण्यात आले. दुरुस्तीपलीकडे गेलेली कलाकृती कलाकृती राहत नाही. तिची विल्हेवाट लावायची असते. 'क्रमांक १७, राखीव, ही डोके आल्यामुळे पूर्णपणे नष्ट झाली असे प्रमाणित करण्यात येते,' अशा शिक्क्याच्या प्रमाणपत्रासह नष्ट झालेला वसंत राऊळ शुक्रवारी संध्याकाळी टॅक्सीच्या मागच्या सीटवर बायको आणि मित्र यांच्या मधोमध बसून डिलाईल रोडला घरी गेला. रंग ओला असल्याने दोघांनी त्याला दोन्ही बाजूंनी धरले होते. जिवंतपणी तो कधी असा टॅक्सीत मधे बसला नव्हता.

दालनानेही नुकसान वाया जाऊ दिले नाही. सतराव्या क्रमांकाचा नुसता खिळा ठेवला, शेजारी नवी पाटी लावली : 'येथे एक अनुपस्थिती होती. तीही आता अनुपस्थित आहे.' त्या खिळ्यासमोर सर्वात जास्त गर्दी होते. खरेदीदाराने तो खिळा प्लास्टरसकट मागून घेतला.

शनिवारी मीराबाईंच्या घरी पान वाढून झाले, भटजी गेले. वसंत भिंतीवर होता. दौलत पाटावरून उठला नव्हता, जेवणही धड गेले नव्हते. तीनशे घरांत तो असा बसला होता आणि कधी घाबरला नव्हता. मीराबाईंनी हात धुतले, पदराला पुसले, चष्मा लावला आणि भिंतीपुढे जाऊन उभ्या राहिल्या. बराच वेळ पाहिले. खिडकीकडून पाहिले, दाराकडून पाहिले, एकदा अगदी जवळ जाऊन मान वाकडी करून पाहिले. मग त्या दौलतकडे वळल्या आणि एक वाक्य म्हणाल्या. ते ऐकून दौलत लहान मुलासारखा रडला.

ते वाक्य वसंताच्या चेहऱ्याविषयी होते. ते इथे सविस्तर द्यायचे ठरले होते, चेहऱ्याच्या वर्णनासह. पण मग असे लक्षात आले, की वाचक सुरुवातीपासून आमच्याबरोबर आहेत. कोट कुठल्या रंगाचा, टाय का सैल, मागे पेन्सिलीने काय लिहिले, टॅक्सीत कोण कुठे बसले, हे सगळे त्यांनी आवडीने ऐकून घेतले, एकदोन ठिकाणी त्यांना भरूनही आले असेल. पण हा वसंत दिसायला होता कसा, नाक कसे, डोळे कसे, चित्र त्याच्यासारखे उतरले की नाही, हे आतापर्यंत एकानेही विचारले नाही. वाईट वाटून घेऊ नका. तुमच्यासाठी बिनडोक्याची अठरा अजून लावलेली आहेत. मंगळवार ते रविवार, सकाळी अकरा ते संध्याकाळी सात. पाट्यांचा फोटो काढायला परवानगी आहे.